चेहऱ्यावरचा चेहरा : बर्ट विल्यम्स आणि अमेरिकी मूकपटांतील वर्णद्वेष



प्रस्तुत पाठात आपण एका विनोदी नटाचे चरित्र अभ्यासणार आहोत. चरित्र वाचताना नायकाच्या गुणांची यादी करण्याची सवय आपल्याला शाळेपासून लागलेली असते. या पाठापुरती ती बाजूला ठेवावी, अशी आपणांस विनंती आहे. बर्ट विल्यम्स यांच्या गुणांविषयी त्यांच्या काळातही फारसा वाद नव्हता. वाद होता तो त्यांच्या चेहऱ्याविषयी. मूळचा उजळ सावळा असलेला हा चेहरा रंगभूमीवर येण्यापूर्वी ते जळलेल्या बुचाच्या काजळीने काळाकुट्ट करीत. कृष्णवर्णीय माणसाने कृष्णवर्णीयाचे सोंग घ्यावे, हे ऐकताना विचित्र वाटते. परंतु ज्या समाजाने ही अट घातली, त्या समाजाला त्यात काहीच विचित्र वाटत नव्हते. असे का घडले, आणि त्या अटीच्या आत राहून एका माणसाला काय साधता आले, हे समजून घेणे हा या पाठाचा हेतू आहे.

मराठी वाचकाला हा विषय अगदीच परका नाही. महात्मा जोतीराव फुले यांनी १८७३ मध्ये ‘गुलामगिरी’ हा ग्रंथ प्रसिद्ध केला, तेव्हा तो अमेरिकेत गुलामांच्या मुक्तीसाठी झटलेल्या तेथील सज्जनांना अर्पण केला होता. त्यानंतर एका वर्षाने बर्ट विल्यम्स यांचा जन्म झाला. कायद्याने गुलामगिरी संपल्यानंतर त्या देशात पुढे काय झाले, या प्रश्नाच्या उत्तराचा एक भाग त्यांच्या आयुष्यात सापडतो.

नसाऊ ते सॅन फ्रान्सिस्को

एग्बर्ट ऑस्टिन विल्यम्स यांचा जन्म १२ नोव्हेंबर १८७४ रोजी बहामा बेटांवरील नसाऊ येथे झाला. बहामा ही तेव्हा ब्रिटिश वसाहत होती. तेथील बहुसंख्य लोक कृष्णवर्णीय होते आणि गुलामगिरी तेथे १८३४ मध्येच रद्द झालेली होती. विल्यम्स कुटुंब पुढे अमेरिकेत आले. प्रथम फ्लोरिडात आणि नंतर कॅलिफोर्नियातील रिव्हरसाइड या गावी. बर्ट यांचे शालेय शिक्षण तेथेच झाले. त्यांची इंग्रजी भाषा स्वच्छ होती आणि वृत्ती वाचकाची होती. ही वृत्ती त्यांनी शेवटपर्यंत जपली. त्यांच्या घरी मोठा ग्रंथसंग्रह होता.

१८९३ च्या सुमारास सॅन फ्रान्सिस्कोत ते एका मिन्स्ट्रेल मंडळीत दाखल झाले. ‘मिन्स्ट्रेल शो’ हा प्रकार येथे समजून घेतला पाहिजे, कारण पुढील सर्व हकीकत त्यावर उभी आहे. १८३० नंतर अमेरिकेत हा करमणुकीचा प्रकार लोकप्रिय झाला. गोरे नट तोंडाला काजळी फासत, ओठ मोठे रंगवीत आणि मळ्यावरच्या गुलामांची नक्कल करून गाणी, नाच व विनोद सादर करीत. या सोंगातील कृष्णवर्णीय माणूस आळशी, भित्रा, चोरटा, खादाड आणि तरीही सदैव आनंदी असे. ज्याला गुलामीत ठेवायचे तो गुलामीतही सुखी आहे, असे दाखवणे किती सोयीचे होते, हे वेगळे सांगायला नको. त्यातील एका प्रसिद्ध सोंगाचे नाव होते ‘जिम क्रो’. पुढे दक्षिणेकडील राज्यांनी रेल्वेचे डबे, शाळा, उपाहारगृहे वर्णानुसार वेगळी करणारे कायदे केले, तेव्हा त्या कायद्यांनाही हेच नाव चिकटले. करमणुकीतले नाव कायद्याला मिळावे, हा केवळ भाषेचा योगायोग म्हणून सोडून देता येत नाही.

गुलामगिरी संपल्यावर कृष्णवर्णीय कलावंतही या मंडळ्यांतून काम करू लागले. रंगभूमीवर त्यांना दुसरे दारच नव्हते. याच मंडळीत विल्यम्स यांना कॅन्सासहून आलेला जॉर्ज वॉकर नावाचा चुणचुणीत तरुण भेटला आणि दोघांची जोडी जमली. दक्षिणेतील कृष्णवर्णीयांची जी बोली रंगमंचावर बोलावी लागे, ती विल्यम्स यांना मुळीच येत नव्हती. एखादी परकी भाषा शिकावी तशी त्यांनी ती कष्टाने शिकून घेतली. बेटावर जन्मलेल्या आणि कॅलिफोर्नियात वाढलेल्या या तरुणाला स्वतःच्या ‘जातिवंत’ असण्याचाही सराव करावा लागला.

१८९४ मध्ये सॅन फ्रान्सिस्कोत एक मोठे प्रदर्शन भरले होते. त्यात आफ्रिकेतील दाहोमी देशाचे रहिवासी एका वस्तीत राहताना दाखवण्याची योजना होती. दाहोमीचे लोक घेऊन येणारे जहाज वेळेवर पोहोचले नाही. तेव्हा व्यवस्थापकांनी शहरातील कृष्णवर्णीय तरुणांना पैसे देऊन ‘आफ्रिकी’ म्हणून तेथे बसवले. त्यांत विल्यम्स आणि वॉकर होते. पुढे खरे दाहोमीवासी आले आणि या दोघांनी त्यांना जवळून पाहिले. वॉकर यांनी नंतर लिहून ठेवले आहे की, आफ्रिकेच्या विषयावर काही करावे ही कल्पना त्यांच्या मनात तेव्हाच रुजली.

एकाच नाट्यगृहात दोन आगमने

१८९६ हे वर्ष लक्षात ठेवा. या वर्षी अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने ‘प्लेसी विरुद्ध फर्ग्युसन’ या खटल्यात निकाल देऊन वर्णानुसार वेगळे डबे ठेवणारा कायदा वैध ठरवला. याच वर्षी २३ एप्रिल रोजी न्यूयॉर्कच्या ‘कोस्टर अँड बायल्स’ या नाट्यगृहात एडिसन यांच्या नावाने जाहिरात झालेल्या यंत्रावर हलती चित्रे पडद्यावर दाखवली गेली. आणि याच वर्षाच्या अखेरीस त्याच नाट्यगृहात विल्यम्स आणि वॉकर यांचे खेळ सुरू झाले व गाजले.

त्यांच्या जाहिरातीत कृष्णवर्णीयांना हिणवण्यासाठी वापरला जाणारा एक शब्द होता आणि त्यामागे ‘खरेखुरे’ असे विशेषण जोडलेले होते. यामागचा हिशेब समजून घेण्यासारखा आहे. काजळी फासलेले गोरे नट बाजारात इतके होते की अस्सल माणसालाच आपण अस्सल आहोत असे ओरडून सांगावे लागत होते. आरंभी वॉकर विनोदी पात्र करीत आणि विल्यम्स गंभीर. मग एके दिवशी विल्यम्स यांनी प्रयोग म्हणून चेहऱ्याला काजळी लावली आणि एक रडकथा सांगणारे गाणे म्हटले. प्रेक्षक हसून लोळले. त्या दिवसापासून जोडीची घडी बदलली. वॉकर झाले भपकेबाज, चलाख शहरी. त्यांच्या चेहऱ्यावर रंग नसे. विल्यम्स झाले मंद चालीचा, नशिबाने मारलेला, ढगळ कोट आणि फाटके बूट घातलेला माणूस. काजळी, केसांचा टोप, हातमोजे. शरीराचा मूळ रंग कोठेही दिसू नये अशी ती व्यवस्था होती.

विल्यम्स यांनी पुढे लिहिले आहे की, आपल्यातील विनोद आपल्याला त्या रंगाआडच सापडला; स्वतःला दुसरा कोणी म्हणून पाहता आले, तेव्हाच. या म्हणण्याकडे आपण सहानुभूतीने पाहिले पाहिजे, परंतु त्यावर थांबता कामा नये. कलावंताला मुखवटा मोकळे करतो, हे खरे आहे. पण येथे मुखवटा निवडण्याचे स्वातंत्र्य नव्हते. एकच मुखवटा दुकानात होता.

१९०० च्या ऑगस्टमध्ये न्यूयॉर्कमध्ये कृष्णवर्णीयांवर हल्ले करणारा जमाव रस्त्यावर उतरला. त्या जमावातून कृष्णवर्णीय कलावंतांच्या नावांचा पुकारा झाला. त्यांत विल्यम्स आणि वॉकर ही नावेही होती. ज्यांना तिकीट काढून पाहायचे, त्यांनाच रस्त्यात शोधून मारायचे, ही त्या काळची रीत आपणांस चक्रावून टाकील. तिचा अर्थ असा की, पडद्यापलीकडच्या हसण्यात आपुलकी असतेच असे नाही.

१९०३ मध्ये ‘इन दाहोमी’ हे संगीत नाटक ब्रॉडवेवरील एका मोठ्या नाट्यगृहात झाले. संगीत विल मॅरियन कुक यांचे, गीते पॉल लॉरेन्स डन्बर यांची, संहिता जेसी शिप यांची. नट, लेखक, संगीतकार सर्व कृष्णवर्णीय. मात्र प्रेक्षागृहात कृष्णवर्णीयांना वरच्या सज्जातच बसावे लागे. त्याच वर्षी हे नाटक लंडनला गेले आणि राजपुत्राच्या वाढदिवसानिमित्त बकिंगहॅम राजवाड्यात त्याचा प्रयोग झाला. पुढच्या वर्षी एडिंबरा येथील फ्रीमेसन मंडळाने विल्यम्स यांना सदस्यत्व दिले. हा तपशील आपण पुढे पुन्हा पाहणार आहोत. त्यानंतर ‘ॲबिसिनिया’ (१९०६) आणि ‘बंदाना लँड’ (१९०८) ही नाटके आली. ‘नोबडी’ या त्यांच्या गाण्याची ध्वनिमुद्रिका घरोघरी वाजू लागली. १९०१ पासूनच त्यांचा आवाज तबकड्यांवर उतरला होता. सावकाश, अर्धवट बोलल्यासारखे गाणे आणि योग्य जागी घेतलेला विराम हे त्यांचे खास वैशिष्ट्य होते. मूकपटात उतरल्यावर नेमके हेच साधन त्यांच्या हातून जाणार होते.

पडद्यावर काय चालले होते?

विल्यम्स यांच्या चित्रपटांकडे वळण्यापूर्वी त्या काळच्या लघुपटांची थोडी ओळख करून घेऊ. आरंभीचे चित्रपट एक-दोन मिनिटांचे, नंतर एक-दोन रिळांचे असत. इतक्या थोड्या वेळात पात्र उभे करायचे तर ते प्रेक्षकाला आधीच माहीत असावे लागे. पूर्वग्रह हा म्हणूनच त्या धंद्यातला सर्वांत स्वस्त कच्चा माल ठरला. मिन्स्ट्रेल रंगभूमीवरची सोंगे जशीच्या तशी पडद्यावर आली. टरबूज खाण्याच्या शर्यती, कोंबडीचोर, भूत पाहून पळणारा नोकर असे विषय वारंवार दिसतात.

एडविन एस. पोर्टर यांच्या १९०३ मधील एका लघुपटाचे उदाहरण पाहा. आगगाडीत एक गोरा तरुण शेजारच्या गोऱ्या स्त्रीशी लगट करू पाहतो. गाडी बोगद्यात शिरते, पडदा अंधारतो. उजेड होतो तेव्हा तो तिच्या कृष्णवर्णीय मोलकरणीचे चुंबन घेत असतो. दोघी बायका हसत असतात. चित्रपट संपतो. विनोद कशावर आहे? तरुणाच्या फजितीवर, असे उत्तर आपण द्याल आणि ते बरोबर आहे. मात्र ती फजिती ठरण्यासाठी कृष्णवर्णीय स्त्रीचे चुंबन ही शिक्षा आहे, हे प्रेक्षकाने न बोलता मान्य करावे लागते. त्याच वर्षी पोर्टर यांनी ‘अंकल टॉम्स केबिन’ चित्रित केले. त्यातील टॉमची भूमिका रंग लावलेल्या गोऱ्या नटाने केली. १९०५ मधील ‘द वॉटरमेलन पॅच’ या लघुपटात टरबूज चोरणाऱ्या कृष्णवर्णीयांना त्यांच्या झोपडीत कोंडून धुराडे बंद केले जाते आणि गुदमरलेली माणसे बाहेर पडू लागतात. हे सर्व हसवण्यासाठी होते. त्या वर्षांत दक्षिणेत जमावाकडून दरवर्षी डझनावारी कृष्णवर्णीयांच्या हत्या होत होत्या, हे ध्यानात ठेवून हा विनोद पुन्हा आठवून पाहा.

याला अपवाद नव्हते असे नाही. १८९८ मध्ये शिकागोत विल्यम सेलिग यांनी चित्रित केलेल्या काही सेकंदांच्या चित्रपटात सेंट सटल आणि गर्टी ब्राउन हे कृष्णवर्णीय कलावंत एकमेकांचे चुंबन घेतात, हसतात, हात धरून झोके घेतात. त्यात थट्टा नाही. शतकाहून अधिक काळ विस्मरणात गेलेला हा तुकडा २०१७ मध्ये ओळखला गेला. आणि शिकागोतच विल्यम फॉस्टर यांनी स्वतःची चित्रपटसंस्था काढून कृष्णवर्णीय नटांचे लघुपट बनवले. हे फॉस्टर पूर्वी विल्यम्स आणि वॉकर यांच्या नाटकांच्या प्रसिद्धीचे काम पाहत असत.

एकटे पडणे

१९०९ मध्ये वॉकर आजारी पडले आणि १९११ च्या जानेवारीत वारले. जोडीतील व्यवहार सांभाळणारा, भांडणारा, कृष्णवर्णीय कलावंतांची संघटना उभी करणारा माणूस तोच होता. विल्यम्स संकोची होते. १९१० मध्ये फ्लोरेन्झ झीगफेल्ड यांनी त्यांना आपल्या ‘फॉलीज’ या भव्य खेळात बोलावले. गोऱ्या नटनट्यांच्या ताफ्यात एका कृष्णवर्णीयाला अग्रभागी स्थान मिळण्याची ही पहिलीच वेळ होती. मंडळीतील काहींनी काम सोडण्याची धमकी दिली. झीगफेल्ड बधले नाहीत. विल्यम्स यांच्या बाजूनेही अटी होत्या : रंगमंचावर कोणत्याही गोऱ्या स्त्रीबरोबर एकटे उभे राहणार नाही आणि दक्षिणेच्या दौऱ्यावर जाणार नाही. या अटी मानासाठी नव्हत्या, जिवासाठी होत्या.

त्याच वर्षी ४ जुलैला कृष्णवर्णीय मुष्टियोद्धा जॅक जॉन्सन यांनी गोऱ्यांचा आशास्थान असलेल्या जिम जेफ्रीज यांना हरवले. अनेक शहरांत दंगली उसळल्या. त्या लढतीचा चित्रपट दाखवण्यावर ठिकठिकाणी बंदी आली आणि १९१२ मध्ये मुष्टियुद्धाचे चित्रपट एका राज्यातून दुसऱ्या राज्यात नेण्यावर बंदी घालणारा कायदाच झाला. कोंबडी चोरणारा कृष्णवर्णीय पडद्यावर चालत होता, जिंकणारा मात्र चालत नव्हता. या दोन गोष्टी शेजारी ठेवल्या की विल्यम्स यांच्या समोरची वाट किती अरुंद होती हे उमगते.

१९१३ : अपुरा राहिलेला चित्रपट

ज्या वर्षी मुंबईत दादासाहेब फाळके यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ प्रदर्शित झाला, त्या १९१३ च्या शरद ऋतूत न्यूयॉर्क आणि न्यू जर्सी परिसरात एका चित्रपटाचे काम चालू होते. निर्मितीत बायोग्राफ ही कंपनी होती. दिग्दर्शक एडविन मिडलटन आणि टी. हेज हंटर हे गोरे होते; त्यांच्या जोडीला सॅम कॉर्कर हे कृष्णवर्णीय सहायक होते. नायक बर्ट विल्यम्स, नायिका ओडेसा वॉरन ग्रे, आणि भोवती हार्लेमच्या रंगभूमीवरील कृष्णवर्णीय कलावंतांचा मोठा मेळावा.

कथा साधी आहे. गावातील एका देखण्या तरुणीचे तीन इच्छुक वर, एका मंडळाची मिरवणूक आणि जत्रेचा दिवस. मंडळाचे ‘लाइम किल्न क्लब’ हे नाव एका गोऱ्या विनोदी लेखकाच्या कथांतून आलेले आहे. कृष्णवर्णीयांनी सभा भरवाव्यात, ठराव करावेत, पदाधिकारी निवडावेत हेच त्या कथांत हास्यास्पद ठरवले होते. विल्यम्स स्वतः फ्रीमेसन होते. एडिंबऱ्यात मिळालेल्या त्या सदस्यत्वाचा त्यांना अभिमान होता. स्वतःच्या प्रिय गोष्टीची थट्टा करणाऱ्या कथेत त्यांनी भूमिका स्वीकारली होती.

असे असले तरी चित्रफितीत जे उतरले आहे ते मूळ कथेपेक्षा फार मोठे आहे. विल्यम्स यांच्या चेहऱ्यावर नेहमीची काजळी आहे. त्यांच्या भोवतीच्या नटनट्या मात्र स्वतःच्या चेहऱ्याने वावरतात. उत्तम शिवलेले कपडे, टोप्या, छत्र्या, जत्रेतील मेरी-गो-राउंड, रांगेने केलेले ‘केकवॉक’ नृत्य. नायिका कोणाची नक्कल वाटत नाही. ती एक सुंदर, आत्मविश्वासाने वागणारी स्त्री आहे. शेवटी विल्यम्स तिला घरी पोहोचवतात आणि दोघे एकमेकांचे चुंबन घेतात. गोऱ्या प्रेक्षकांसाठी बनणाऱ्या चित्रपटात कृष्णवर्णीय जोडप्याचे प्रेम सरळपणे दाखवणे ही त्या काळी धाडसाची गोष्ट होती.

येथे थोडे थांबा. एकट्या प्रमुख विनोदी नटाने काजळी लावायची आणि बाकीच्यांनी लावायची नाही, अशी या व्यवस्थेची रीत होती. गोऱ्या प्रेक्षकाला ओळखीचे सोंग पुढे दिसले की तो निर्धास्त होई. मग त्या सोंगाच्या मागे माणसे माणसांसारखी वावरू शकत. विल्यम्स यांनी काजळीचा जकात एकट्याने भरला आणि बाकीच्यांना नाक्यावरून मोकळे जाऊ दिले, असे या चित्रफिती पाहताना वाटते. विल्यम्स यांच्यावर मुखवटा जोपासल्याचा आरोप करणाऱ्यांनी त्यांच्या मागच्या रांगेकडे पुरेसे पाहिलेले नाही, असे प्रस्तुत लेखकाचे मत आहे. या मताशी आपण असहमत होऊ शकता. जकात भरणाऱ्यामुळे नाका टिकतो, हा प्रतिवाद दुबळा नाही.

या चित्रपटाची जोडणी झाली नाही. तो प्रदर्शित झाला नाही.

१९१५ मध्ये डी. डब्ल्यू. ग्रिफिथ यांचा ‘द बर्थ ऑफ अ नेशन’ आला. तीन तासांच्या त्या चित्रपटात काजळी फासलेल्या गोऱ्या नटांनी कृष्णवर्णीयांना स्त्रियांच्या मागे लागणारे हिंस्र पशू म्हणून रंगवले आणि कु क्लक्स क्लान या गुप्त संघटनेला तारणहार ठरवले. कृष्णवर्णीयांच्या हक्कांसाठी झटणाऱ्या संघटनेने देशभर निषेध केला. चित्रपटाने अमाप पैसा मिळवला. आळशी आणि भित्र्या सोंगाच्या शेजारी आता पडद्यावर एक भयंकर सोंगही उभे राहिले.

तुरुंगाच्या कोठडीतील जुगार

१९१६ मध्ये बायोग्राफने विल्यम्स यांचे दोन लघुपट प्रदर्शित केले : ‘फिश’ आणि ‘अ नॅचरल बॉर्न गॅम्बलर’. ‘फिश’मध्ये चाळिशी ओलांडलेले विल्यम्स एका पोराच्या भूमिकेत आहेत. घरचे काम टाळून तो मासे धरायला जातो, मिळालेला मासा विकायला निघतो आणि ग्राहक मिळेपर्यंत माशाला वास सुटतो. प्रौढ कृष्णवर्णीय पुरुषाला पोर म्हणून संबोधण्याची दक्षिणेची रीत ज्यांना ठाऊक आहे, त्यांना हा लघुपट पाहताना अवघडल्यासारखे होईल. त्यावर अधिक लिहावे असे त्यात नाही.

दुसरा लघुपट मात्र काळजीपूर्वक पाहण्याजोगा आहे. पुन्हा एक मंडळ, थकलेली वर्गणी, चोरून चाललेला पत्त्यांचा डाव, पोलिसांची धाड. गोरा न्यायाधीश विल्यम्स यांना तुरुंगात पाठवतो. इथपर्यंत सर्व जुन्या सोंगाच्या चौकटीत आहे. मग कोठडीचे दृश्य येते. विल्यम्स एकटे आहेत. पत्ते नाहीत, पैसे नाहीत, सोबती नाहीत. ते हवेतच पत्ते पिसतात, वाटतात, आपली पाने किंचित उघडून पाहतात. चेहऱ्यावर आशा येते, ती लपवण्याचा प्रयत्न येतो. समोरच्या अदृश्य खेळाडूंवर संशयाची एक तिरपी नजर जाते. पैज वाढते. पाने उघडतात. ते हरतात. कल्पनेतल्या डावातही ते हरतात!

हा मूकाभिनय त्यांनी ‘फॉलीज’मध्ये अनेकदा केलेला होता. रंगमंचावर केवळ त्यांचा चेहरा आणि हात प्रकाशात असत. कॅमेऱ्याने तो जपून ठेवला. त्यांचा आवाज हिरावून घेणाऱ्या माध्यमाने त्यांच्या कलेचा हा भाग मात्र वाचवला, हेही नोंदवले पाहिजे. त्या काही क्षणांत काजळी असूनही नसल्यासारखी होते. डोळ्यांच्या कडेची आणि ओठांच्या कोपऱ्याची हालचाल पाहणारा प्रेक्षक वर्णाकडे पाहत नाही. तो पत्त्यांकडे पाहतो, आणि पत्ते तर तेथे नाहीतच.

याच १९१६ मध्ये नोबल आणि जॉर्ज जॉन्सन या बंधूंच्या लिंकन मोशन पिक्चर कंपनीने आपला पहिला लघुपट काढला. त्याचा नायक टस्कीगी येथून पदवी घेतलेला, खनिज तेलाच्या शोधात निघालेला तरुण अभियंता होता. कृष्णवर्णीयांनी कृष्णवर्णीय प्रेक्षकांसाठी बनवलेल्या त्या चित्रपटात काजळीला जागाच नव्हती. विल्यम्स यांच्या हयातीतच दुसरी वाट फुटली होती. ते तिकडे गेले नाहीत. १९१६ नंतर ते चित्रपटांतही आले नाहीत.

अखेरची वर्षे

१९१७ च्या ‘फॉलीज’मध्ये विल्यम्स यांच्या मुलाची भूमिका एडी कँटर यांनी केली. ज्यू स्थलांतरितांच्या घरात जन्मलेल्या कँटर यांनीही तोंडाला काजळी फासली होती. रंगमंचावर बाप-लेक एकाच रंगाचे दिसत. खेळ संपल्यावर एक जण रंग धुऊन गोरा होई आणि हॉटेलच्या पुढच्या दाराने जाई. दुसऱ्याला, तोही रंग धूत असला तरी, अनेक ठिकाणी नोकरांच्या लिफ्टने खोलीत जावे लागे.

१९१९ मध्ये नटांच्या संघटनेने संप पुकारला. विल्यम्स त्या संघटनेत नव्हते आणि त्यांना कोणी कळवलेही नव्हते. नेहमीप्रमाणे रंगभूषा करून ते रंगमंचावर आले, तेव्हा समोर मोकळे प्रेक्षागृह होते. ही हकीकत त्यांनी आपले सहकारी डब्ल्यू. सी. फील्ड्स यांना सांगितली होती.

त्यांच्याविषयी कृष्णवर्णीय समाजातही एकमत नव्हते. बुकर टी. वॉशिंग्टन यांनी १९१० मध्ये त्यांच्यावर लिहून त्यांच्या कार्याचा स्वतःच्या कार्याहून अधिक गौरव केला. दुसरीकडे, त्यांनी गंभीर भूमिका कराव्यात, काजळी टाकावी असा आग्रह धरणारेही पुष्कळ होते. १९१८ मध्ये एका मासिकात लिहिलेल्या लेखात विल्यम्स यांनी स्वतःची बाजू मांडली. कृष्णवर्णीय असण्यात आपल्याला कधी लाजिरवाणे असे काही आढळले नाही. अमेरिकेत ते वेळोवेळी गैरसोयीचे मात्र ठरले, अशा आशयाचे त्यांचे म्हणणे होते. संताप इतक्या सौम्य शब्दांत ठेवणे हाही त्यांच्या विनोदाचाच भाग समजावा.

१९२२ च्या फेब्रुवारीत ‘अंडर द बांबू ट्री’ या नाटकाच्या दौऱ्यावर असताना त्यांची प्रकृती ढासळली होती. तरीही ते प्रयोग करीत राहिले. ते थांबले तर मंडळीचे काम थांबणार होते. २७ फेब्रुवारी रोजी डेट्रॉइट येथे ते रंगमंचावरच कोसळले. प्रेक्षकांना तो विनोदाचाच भाग वाटला आणि ते हसले. ४ मार्च १९२२ रोजी न्यूयॉर्क येथे त्यांचे निधन झाले. तेव्हा त्यांचे वय ४७ वर्षांचे होते.

१९१३ मधील त्या अपुऱ्या चित्रपटाची रिळे बायोग्राफच्या गोदामात पडून राहिली. १९३९ मध्ये न्यूयॉर्कच्या म्युझियम ऑफ मॉडर्न आर्ट या संस्थेने कंपनीच्या जुन्या चित्रफिती ताब्यात घेतल्या. त्यांत सात रिळे अशी होती की ज्यांना नाव नव्हते, संवादपाट्या नव्हत्या, संहिता नव्हती. अनेक वर्षांच्या संशोधनानंतर, नटांच्या ओठांच्या हालचाली वाचून, चेहरे एकेक करून ओळखून हा चित्रपट जुळवला गेला आणि २०१४ मध्ये, शंभर वर्षांनी, लोकांना दाखवला गेला. त्याच वर्षी अमेरिकेच्या राष्ट्रीय चित्रपट नोंदवहीत त्याचा समावेश झाला. जोडणी न झाल्यामुळे त्यात एकेका दृश्याचे अनेक प्रयत्न जसेच्या तसे राहिले आहेत. दोन प्रयत्नांच्या मध्ये कॅमेरा चालूच राहिलेला दिसतो : गोरे दिग्दर्शक काही सांगत आहेत, कृष्णवर्णीय नट ऐकत आहेत, हसत आहेत, आपापल्या जागा घेत आहेत.

शक्य असल्यास हा चित्रपट आणि ‘अ नॅचरल बॉर्न गॅम्बलर’ हे दोन्ही पाहा. पहिल्यात विल्यम्स यांच्याकडे नव्हे, तर त्यांच्या मागे उभ्या असलेल्या माणसांकडे लक्ष द्या. दुसऱ्यात कोठडीच्या दृश्यापाशी थांबा आणि त्या डावात किती खेळाडू आहेत ते मोजण्याचा प्रयत्न करा.